चौचांद्याचे अधिक महिने

कोसमटोलीच्या त्या घरात लटारू जावई म्हणून आला. लटारूचा जावई चैतू, चैतूचा जावई लच्छू, आणि लच्छूचा जावई कुलदीप. वंश मुलांवर चालतो असे मानणाऱ्यांनी ही ओळ पुन्हा एकदा वाचावी. तीन पिढ्या या घरात मुलीच जन्मल्या, मुलींनीच शेती राखली, जावई बाहेरून आणण्यात आले, आणि घराण्याचा लौकिक त्यांच्या जेवणावरून ठरत गेला.

चंद्र हा सूर्याच्या मानाने चुकार आहे. तो दरसाल अकरा दिवस मागे पडतो, आणि त्याची ही थकबाकी भरून काढण्यासाठी पंचांगात साधारण अडीच-तीन वर्षांनी एक अधिक महिना घालावा लागतो. त्या महिन्यात सासूने जावयाला पाटावर बसवून तेहतीस धोंडे वाढायचे असतात. (धोंडा म्हणजे कणकेच्या पारीत पुरण भरून उकडलेला गोळा. त्याला धोंडा का म्हणतात, हे विसाव्यानंतर कळते.) चूक चंद्राची असताना भरपाई जावयाला का, असे आजवर एकाही जावयाने विचारलेले नाही. ज्या व्यवस्थेत आपले ताट भरते तिची कारणे विचारू नयेत, एवढी समज त्यांना उपजतच असते.

लटारूने एका बैठकीत तेहतीस खाल्ले व वर पाणी मागितले नाही. चैतूने एकोणतीस खाल्ले, उरलेले चार धोतराच्या सोग्यात बांधले आणि बांधावर बसून संपवले. लच्छू अकरावर थांबला. त्याच साली धानावर तुडतुडा आला, आणि या दोन घटनांचा परस्परसंबंध त्याच्या पत्नीने, म्हणजे गिरजाबाईंनी, त्याला अखेरपर्यंत समजावून सांगितला.

कुलदीपच्या नावावर शून्य होते.

त्याने खाल्ले नाहीत असे नव्हे. त्याला वाढलेच गेले नव्हते. २०१४च्या हिवाळ्यात गिरजाबाईंची एकुलती मुलगी उर्वशी हिच्याशी त्याचे लग्न झाले. त्यानंतर अधिक महिने आले ते असे:

२०१५, अधिक आषाढ. पेरणी. सासूबाई शेतावर.
२०१८, अधिक ज्येष्ठ. तेंदूपत्त्याचा हंगाम. सासूबाई फळीवर. (फळी म्हणजे तोडलेली विडीची पाने मोजून घेण्याची जागा. तेथे गिरजाबाई मोजणीला बसत.)
२०२०, अधिक आश्विन. महामारी. सासूबाई घरी, जावई चंद्रपुरात, मध्ये पोलिसांची चौकी.
२०२३, अधिक श्रावण. रोवणी. सासूबाई चिखलात.

चारही कारणे खरी होती. खोट्या कारणावर माणसाला रागावता तरी येते.

कुलदीप चंद्रपुरातील एका कार्यालयात आवक-जावक लिपिक होता. आलेल्या कागदावर तारीख टाकणे, जाणाऱ्या कागदावर तारीख टाकणे, आणि मधल्या काळात कागदाचे काय झाले याची चौकशी न करणे, हे त्याचे काम. ते तो निष्ठेने करी. धोंड्यांच्या बाबतीतही त्याने चौकशी केली नाही. जावयाने मागू नये असा नियम आहे. तो कोणी केला, कोणत्या सालच्या परिपत्रकाने लागू झाला, याची नोंद कोठेही सापडत नाही. म्हणूनच तो आजवर रद्द होऊ शकलेला नाही. या जगात मागता येत नव्हते, तेव्हा कुलदीपने दुसरे जग निर्माण केले.

जग निर्माण करण्याची सध्या लाट आलेली आहे. पूर्वी हे खाते ब्रह्मदेवाकडे होते. आता ते मोबाइलवर सांभाळता येते. कुलदीप ज्या गटाचा सभासद होता त्यात एकशे दहा निर्माते होते. प्रत्येकाचे एक जग, आणि प्रत्येक जगात एक पदच्युत राजपुत्र, एक बोलणारी तलवार व डोंगराच्या दिशेने चढत जाणारी एक नदी. या गर्दीत कुलदीपचे जग उठून दिसे. त्यात राजा नव्हता, तलवार नव्हती, नदी नव्हती, माणसेही नव्हती. फक्त पंचांग होते.

"बाकीचं येईन सावकाश," असे तो सांगे. "आधी सुट्ट्या ठरू द्या."

जगाचे नाव चौचांदा. चंद्रपूरला जुनी माणसे अजून चांदाच म्हणतात. त्याने ते चौपट केले. या जगाच्या आकाशात चार चंद्र होते, आणि कुलदीपने त्यांची माहिती पहिल्याच पानावर दिली होती. थोरला एकोणतीस दिवसांत फेरी पूर्ण करतो. तो वक्तशीर असल्यामुळे त्याचे कोणी नाव काढत नाही. मधल्याला एकोणीस दिवस लागतात; तो सदैव थोरल्याच्या सावलीत, त्यामुळे ग्रहणे सगळी त्याच्या वाट्याला. धाकटा अकरा दिवसांचा. चौथा शेंडेफळ, सात दिवसांचा व लाडावलेला. मनात आल्यास तो उलटाही फिरतो, आणि तशी तळटीप दिलेली आहे.

प्रत्येक चंद्राला तीस तिथ्या मिळाल्याच पाहिजेत, या तत्त्वावर कुलदीप ठाम होता. लहान म्हणून कमी तिथ्या देणे हा अन्याय झाला असता. परिणामी शेंडेफळाच्या तीस तिथ्या सात दिवसांत कोंबाव्या लागल्या. सकाळी तृतीया, दुपारच्या ताटाला चतुर्थी, चहाला पंचमी, अंथरूण घालेपर्यंत षष्ठी. वर्षाचा ताळेबंद पुढीलप्रमाणे निघाला: दिवस तीनशे पासष्ट. अमावास्या एकशे सोळा. एकादश्या दोनशे तेहतीस, प्रदोष दोनशे तेहतीस, संकष्ट्या एकशे सोळा, म्हणजे उपवास एकूण पाचशे ब्याऐंशी. (दोन उपवास एकाच दिवशी आल्यास भगर दोनदा खावी, अशी सवलत आहे.) अधिक महिने, दर चंद्राला दरसाल एक याप्रमाणे, चार.

गटातील जाणकारांनी पाचशे ब्याऐंशी या आकड्याची वाखाणणी केली. चार या आकड्याकडे कोणाचे लक्ष गेले नाही. विद्वानांची नजर मोठ्या आकड्यांवर बसते.

पंचांग छापण्यासाठी कुलदीप चंद्रपुरातल्या बाबूभाईंच्या छापखान्यात गेला. बाबूभाईंनी कागद डोळ्यांजवळ नेला, दूर नेला.

"साहेब, चार चांद?"

"चार."

"अन् ईद कोनत्या चांदची?"

कुलदीपने याचा विचार केलेला नव्हता. "चारी चांदची करून टाका," तो उदारपणे म्हणाला.

बाबूभाई हसले नाहीत. "एका चांदवर आमच्या मोहल्ल्यात दरसाल फोन चालते, दिसला का नाई दिसला. तुमी चार टांगून राह्यले. ईदची जागा कोरी सोडतो, साहेब. बाकी सब छापतो."

त्यांनी दोनशे प्रती छापल्या आणि काम चोख केले. फक्त मथळ्यातला 'चौ' वरच्या ओळीत गेला आणि 'चांदा पंचांग' खालच्या ओळीत मोठ्या ठशात बसले. वरून पत्र्याची पट्टी दाबल्यावर 'चौ' तिच्याखाली कायमचा झाकला गेला.

एकशे नऊ निर्मात्यांनी कुलदीपचे अभिनंदन केले. प्रत दोघांनी घेतली. उरलेल्या एकशे अठ्ठ्याण्णव प्रती जानेवारीत माहेरी निघालेल्या उर्वशीने सोबत घेतल्या. कागद जाड होता आणि आईच्या स्वयंपाकघरातल्या मांडणीवर अंथरायला काहीतरी हवेच होते. धानोऱ्याला बस बदलताना तिला कोसमटोली ग्रामपंचायतीचा शिपाई भेटला.

"उर्वशीबाई, गठ्ठा कायचा वं?"

"पंचांग हाये."

"कुठचं?"

"चांद्याचं," उर्वशी म्हणाली, आणि यात एक अक्षरही खोटे नव्हते. शिपायाने गठ्ठा तेथेच ग्रामपंचायतीसाठी मागून घेतला.

कोसमटोलीचा गडचिरोली जिल्हा चांद्यापासून वेगळा होऊन चाळीस वर्षे उलटून गेली. तरी कोसमटोलीत चांद्याहून आलेला कागद अजून दोन्ही हातांनी घेतात. आठ दिवसांत पंचांग ग्रामपंचायतीत, शाळेत, रेशनच्या दुकानात आणि एकशे चाळीस घरांत टांगले गेले. उरलेले तीन चंद्र आकाशात दिसत नाहीत, अशी तक्रार कोणीही केली नाही. कागदावर असलेली वस्तू प्रत्यक्षात न दिसणे हे गावाला नवीन नव्हते. नाल्यावरचा पूल, उपकेंद्राची दुसरी खोली आणि शाळेमागची विंधनविहीर अशीच कागदावर होती, आणि गाव त्यांच्याविषयी आदरानेच बोलत असे.

पंचांगाचे फायदे लगेच दिसू लागले. ग्रामसेवक पूर्वी कारण न सांगता येत नसत. आता एकशे सोळा अमावास्यांचे कारण सांगून येईनासे झाले. कारभारातील पारदर्शकता म्हणतात ती याहून वेगळी नसते. आमसभेसाठी चारही चंद्रांची हरकत नसलेला दिवस शोधण्यात आला. तो निघाला, परंतु तो इतका शुभ होता की त्याच दिवशी नऊ लग्ने धरली गेली. दुकानात भगर संपली. स्वतः धान पिकवणारे गाव धान पोत्यात ठेवून भगरीच्या शोधात धानोऱ्यापर्यंत जाऊ लागले. ग्रामसेवकांनी फेब्रुवारीत कुलदीपला फोन करून पुढील वर्षाच्या पाचशे प्रतींची मागणी नोंदवली. खुलासा करण्याची ही योग्य वेळ होती. कुलदीपने मागणीवर आवक क्रमांक टाकला.

हे असेच चालले असते. परंतु मे महिन्यात फळी लागली.

सत्तर पानांचा एक पुडा, हा तेंदूपत्त्याचा हिशोब आहे, आणि गिरजाबाईंचा हात हे त्याचे मोजमाप. वय बहात्तर, पण पुडा तळहातावर घेतला की त्यांना पान कमी आहे हे न मोजता कळते. त्या आठवड्यात त्यांच्या हाती आलेला एकही पुडा सत्तरचा नव्हता. शेजारच्या घरातली चंचल पहाटेपासून पाने तोडून आलेली, डोळे आत गेलेली, समोर उभी होती.

"चंचल, किती हे?"

"सत्तर, मोठीमाय."

"मोज."

चंचलने मोजली. एकसष्ट भरली.

"जेवली का तू?"

"शेंडेफळाची एकादशी हाये."

"अन् काल?"

"काल धाकट्याचा प्रदोष होता."

"परवा?"

"परवा..." चंचलने आठवून पाहिले. "परवा कोणाचं तं होतं, मोठीमाय."

गिरजाबाईंनी तिला स्वतःच्या डब्यातली भाकर दिली, ती संपेपर्यंत समोर बसून राहिल्या, आणि मग ग्रामपंचायतीत जाऊन पंचांग खिळ्यावरून उतरवले. कोणी अडवले नाही. गिरजाबाईंना अडवण्याची तरतूद गावात नाही. घरी येऊन त्यांनी विळ्याच्या टोकाने पत्र्याची पट्टी उचकटली. तिच्याखालून 'चौ' निघाला. मग त्यांनी पाने उलटली, लाल चौकटीतले अधिक महिने बोटावर मोजले आणि जावयाला फोन लावला.

"जवाईबापू, चांद चार काऊन?"

कुलदीपने गुरुत्वाकर्षणापासून सुरुवात केली. गिरजाबाईंनी ते पूर्ण ऐकून घेतले.

"पाच काऊन नाई?"

"पाच... जास्त होते, आई."

"अन् तीन?"

"तीन कमी पडते."

"कायले कमी पडते?"

येथे रेंज गेली. धानोऱ्याच्या रानात ती जातेच. पण त्या दिवशी ती चंद्रपूरकडून गेली.

गिरजाबाई ओसरीवर बसून राहिल्या. पेरणी, तेंदू, चौकी, रोवणी. चार बोटे मिटली, अंगठा उरला. आयुष्यात त्यांनी शेजारची वाटीभर साखरही दुसऱ्या दिवसापलीकडे ठेवलेली नव्हती, आणि येथे अकरा वर्षांचे देणे आकाशात टांगलेले निघाले होते, तेही चंचलच्या पोटावर.

योगायोगाने त्याच आठवड्यात खऱ्या चंद्राचाही अधिक ज्येष्ठ लागला. फळीचा हंगाम संपला नव्हता, तरी जावयाला निरोप गेला: रविवारी धोंड्याला या. कुलदीपने निरोप तीनदा वाचला. अकरा वर्षांत ही पहिलीच आवक होती.

रविवारी दुपारी पाट मांडला होता, रांगोळी घातली होती, तुपाची वाटी भरली होती. परातीत धोंडे होते, चार अधिक महिन्यांच्या थकबाकीचे, एकशे बत्तीस. दारात चंचलसह अर्धे गाव उभे होते. कुलदीप पाटावर बसला. लटारू, चैतू, लच्छू आणि आता आपण, असा विचार त्याच्या मनात आला असावा. त्याची छाती तरी तसे सांगत होती.

"उर्वशे, पंचांग आण वं," गिरजाबाई म्हणाल्या.

पंचांग आले. पत्र्याच्या पट्टीशिवाय.

"जवाईबापू, आज का हाये, वाचा."

कुलदीपने वाचले. वाचता वाचता त्याचा आवाज उतरत गेला. "मधल्या चंद्राची... संकष्टी."

"मंग उपास कवा सुटते?"

"चंद्र दिसल्यावर."

"दाखवा. दाखवा अन् जेवा."

कुलदीप उठून अंगणात गेला. डोक्यावर मे महिन्याचे ऊन होते. अर्ध्या गावाने त्याच्याबरोबर वर पाहिले. निर्मात्याने आपल्या सृष्टीकडे इतक्या आशेने क्वचितच पाहिले असेल. तो परत येऊन पाटाशी उभा राहिला.

"आई, थो चंद्र नाई."

"उगवला नाई, का हायेच नाई?"

दारात चंचल उभी होती. कुलदीपने तिच्याकडे पाहिले आणि मान खाली घातली. चौचांदा वाचवायचा तर उपाशी उठावे लागणार होते, आणि जेवायचे तर अर्ध्या गावासमोर ब्रह्मदेवाचे पद सोडावे लागणार होते.

"हायेच नाई. तिन्ही नाई. मीनं बनवले."

"काऊन?"

"एका चंद्रात माह्ये धोंडे बसून नाई राह्यले, आई."

दारातला एक हसणार होता. गिरजाबाईंनी त्याच्याकडे पाहिले, तेव्हा त्याने खोकल्यावर भागवले.

"तोंडानं काऊन नाई सांगतलं?"

"जवायानं मागू नाई म्हणतेत."

"कोण म्हणते?"

कुलदीपने दाराकडे पाहिले. दारातल्यांनी एकमेकांकडे पाहिले. नियम सर्वांना पाठ होता, करणारा कोणालाच ठाऊक नव्हता.

"चारी डाव डाळ भिजवली होती मी," गिरजाबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज पहिल्यांदाच थोडा खाली आला. "रोवणीच्या वक्तीही. चिखलाच्या पायानं चुलीजवळ गेली होती. म्हटलं, बोलावलं नाई तं का झालं, जवाई आपल्या पायानं येईन. तुमी आले नाई. मंग मीनंही बोलावलं नाई."

आवक खात्याने जावकची वाट पाहिली, जावक खात्याने आवकची. अकरा वर्षे दोन्हीकडील कामकाज नियमानुसार सुरळीत चालू होते.

"आता मागा," गिरजाबाईंनी आज्ञा केली.

चार चंद्र, एकशे सोळा अमावास्या आणि पाचशे ब्याऐंशी उपवास ज्या एका वाक्यावर उभे होते, ते वाक्य कुलदीपने उच्चारले. "आई, मले धोंडे पायजे."

"बसा."

त्या दिवशी त्याने तेहतीस खाल्ले आणि लटारूशी बरोबरी केली. गाव पांगू लागले. कुलदीप तृप्त होऊन उठू लागला, तेव्हा गिरजाबाईंनी त्याला खाली बसवले. हे फक्त २०१५चे झाले होते. उरलेल्या नव्व्याण्णवांतला एक चंचलने उचलला, आणि मग परात अर्ध्या गावात फिरली. जावयाचे धोंडे मात्र ताजेच झाले पाहिजेत, म्हणून डाळ पुन्हा भिजत घालण्यात आली. कुलदीपने कार्यालयाला तीन दिवसांच्या अर्जित रजेचा अर्ज पाठवला. कारणाच्या रकान्यात त्याने 'कौटुंबिक वसुली' असे लिहिले. दुसऱ्या दिवशी तेहतीस त्याने धैर्याने खाल्ले. तिसऱ्या दिवशी तेहतीस, डोळे मिटून.

दरम्यान आमसभा भरली. गावाने चौचांदा पंचांग एकमताने रद्द केले. अमावास्या तेवढ्या, ग्रामसेवकांच्या विनंतीवरून, कायम ठेवण्यात आल्या.

चौथ्या दिवशी सत्तावीस झाल्यावर कुलदीपने हात जोडले. "आई, सहा माफ करा."

"माफ करणारी मी कोण? देणं माह्यं हाये," गिरजाबाई म्हणाल्या आणि तूप सोडले. "या घरात अर्धवट नाई चालत. खा. हे शेंडेफळाचं हाये."

वाचकांना हसू येत असेल. एक वाक्य तोंडातून निघू नये म्हणून माणसाने चार चंद्र टांगावेत, हे हसण्यासारखेच आहे. आपण असे काही केलेले नाही. आपल्याला फक्त सवड मिळालेली नाही. मुलांच्या परीक्षा आटोपल्या, घराचा रंग झाला, जरा बरा दिवस उगवला की वाट पाहणाऱ्या त्या एका माणसाकडे आपण नक्की जाणार आहात, आणि आपली कारणेही खरी आहेत.

एकशे बत्तिसावा धोंडा कुलदीपने चौथ्या दिवशी दुपारी गिळला. गिरजाबाईंनी ताट उचलले, घासले, पालथे घातले. त्या घराचे देणे पुरते फिटले. आपल्या नावाची डाळ कोठेतरी अजून भिजत आहे.